अधिक वळण

सकाळी पावणेसातला मी शाळेला निघतो तेव्हा जिन्यात देवरे नाना भेटतात. भेटतात म्हणजे गाठतात. एरवी माणसं जिन्यात भेटली की राम राम म्हणतात, फारच घाई असली तर नुसती मान हलवतात. नाना तारीख सांगतात.

"सर, आज अधिक वळण. थोरल्याची शुद्ध पाचवी, धाकलीची वद्य दुसरी, पाणवार."

मी म्हणतो, "हो का? वा." आणि उतरत राहतो. नाना दुधाच्या दोन पिशव्या घेऊन वर चाललेले असतात. पण ही तारीख एका मजल्यात मावत नाही, म्हणून ते वळून माझ्याबरोबर पुन्हा खाली येतात, उरलेली तारीख पूर्ण करतात आणि परत चढायला लागतात. सत्तरी ओलांडलेला माणूस रोज दीड जिना जास्त चढतो तो फक्त मला धाकलीची तिथी कळावी म्हणून. लिफ्ट आहे आमच्याकडे. ती चालू असल्याचा दिवस मात्र कुठल्याच पंचांगात सापडत नाही.

ही तारीख आपल्या जगातली नाही हे तुमच्या लक्षात आलंच असेल. माझ्या यायला आठ महिने लागले. मला वाटत होतं, गावाकडचं काहीतरी असेल. नाना मूळचे नामपूरचे, बागलाणातले. तिकडे काय काय असतं ते आम्हा नाशिक शहरातल्या माणसांना थोडंच माहीत असतं.

आधी माझं सांगतो. मी थकलेला माणूस आहे. हे तक्रार म्हणून नाही, ओळख म्हणून सांगतोय. चौतीस वर्षं शाळेत गणित शिकवतोय. शिकवून उरलेल्या वेळात सरकार मला घरोघरी पाठवून माणसं मोजायला लावतं. सिंहस्थ यायचा म्हणून पंचवटीतले रस्ते खणून ठेवलेत, त्यामुळे दहा मिनिटांच्या शाळेला पाऊण तास लागतो. घरी आलं की पेपरांचे गठ्ठे. अशा माणसाला कुणी सकाळी दोन चंद्रांच्या तिथ्या सांगितल्या तर तो त्या ऐकत नाही. मीही ऐकल्या नाहीत. हे पुढे महत्त्वाचं आहे, म्हणून आत्ताच कबूल करून टाकतो.

तर नीलवट नावाचा एक देश आहे. म्हणजे नाही. पण नानांसमोर 'नाही' म्हणायची सोय नाही. नीलवटाला दोन चंद्र आहेत. थोरला एकतीस दिवसांत फेरी पुरी करतो, रमतगमत, घरातल्या मोठ्या भावासारखा. धाकली एकोणीस दिवसांत धावत येते. महिने थोरल्याचे धरायचे. ते अकरा. नांगी, कोंबी, ओलव, भरवण असे सुरू होतात आणि वळण महिन्याशी वर्ष संपतं. वार नऊ. त्या नऊ वारांचा एक नवडा.

"तुमच्या आठवड्यात दिवस किती?" नानांनी मला एकदा विचारलं होतं.

"सात."

"मग आठवडा कशाला म्हणता? आमच्या नवड्यात मोजून नऊ आहेत. हिशोब पक्का शे."

'हिशोब पक्का शे' हे त्यांचं पालुपद. चाळीस वर्षं नाशकाकडे काढून भाषा शहरी झाली, पण एखादी गोष्ट अगदी मनापासून सांगायची असली की वाक्याच्या शेवटी नामपूरचं 'शे' येऊन बसतं.

या नऊ वारांतला एक मात्र मला मनापासून आवडतो. आळसवार. त्या दिवशी काम करायला बंदी आहे, आणि कुणी चोरून केलंच तर ते धरत नाहीत. आळसवारी बांधलेली भिंत दुसऱ्या दिवशी पाडून पुन्हा बांधावी लागते. हा वार आमच्या शिक्षणखात्यात कुणी आणला तर मी त्याच्या पाया पडेन.

नाना पाटबंधाऱ्याकडे पाटकरी होते. कालव्याचं पाणी कुठल्या चारीला, कुणाच्या शेताला, किती वाजल्यापासून किती वाजेपर्यंत सोडायचं हे ज्याच्या घड्याळावर ठरतं तो पाटकरी. सायखेड्याच्या बाजूला त्यांची सगळी नोकरी गेली. पाण्याच्या पाळ्या लावण्यात आयुष्य गेलेला माणूस पंचांग रचणार नाही तर काय पोवाडे रचणार? आणि पाळीच्या बाबतीत नाना कुणाचे नव्हते. खुद्द सासऱ्यांच्या शेताची पाळी एकदा सहाला संपत होती. ऊस अर्धाच भिजला होता. सासरे बांधावर उभे राहून म्हणाले, "जावईबापू, पाच मिनिटं." नानांनी सहाच्या ठोक्याला गेट पाडलं. सासऱ्यांनी त्यांच्याशी दोन वर्षं बोलणं टाकलं. काकू त्या दिवाळीला माहेरी एकट्याच गेल्या. हा किस्सा नाना अभिमानाने सांगतात. काकूंना जाऊन दहा वर्षं झाली. त्या असत्या तर त्यांनी तो कसा सांगितला असता, कोण जाणे.

हाच कडकपणा त्यांनी एकदा आमच्या घरी लावला. माझ्या बायकोचा, मंगलचा, पन्नासावा वाढदिवस होता. आम्ही नानांना जेवायला बोलावलं. त्यांनी बोटांवर काहीतरी मोजलं आणि म्हणाले, "वहिनी, नीलवटाप्रमाणे तुम्हाला त्रेपन्न पूर्ण." त्यांचं वर्ष तीनशे एक्केचाळीस दिवसांचं. मी मनात भागाकार करून पाहिला आणि म्हणालो, "बरोबर आहे." मी बोललो तेवढं चुकलं. मंगल माझ्याशी नऊ दिवस बोलली नाही, म्हणजे बरोबर एक नवडा. पण पुढे नानांनी तिचं वय सांगणं आपणहून बंद केलं. ती म्हणाली, "सुटले." कुणालाच त्याचं कारण विचारावंसं वाटलं नाही.

आणखी एक त्रास होता, दुधाचा. एकटा माणूस, पण रोज अर्ध्या लिटरच्या दोन पिशव्या आणतो आणि रोज संध्याकाळी एक न फोडलेली पिशवी आमच्या दारात आणून देतो. "उरली," एवढंच म्हणतो. मंगलने खीर केली, खरवसासारखं काहीतरी केलं, पनीर केलं. शेवटी दमून म्हणाली, "अहो, माणसाचं एखाद दिवशी उरतं. यांचं रोज कसं उरतं? एकच का आणत नाहीत?" मी म्हटलं, "विचार तू." ती म्हणाली, "तुम्ही विचारा." मग ते तसंच राहिलं. आमच्या घरातल्या बऱ्याच गोष्टी अशाच राहतात.

गेल्या अधिक महिन्यात आमचे जावई आले होते. आता आपल्याकडे अधिक महिना म्हणजे जावयाचा. साधारण तीन वर्षांतून एकदा येतो, जावयाला बोलवायचं, अनारसे वाढायचे, वाण द्यायचं. मंगलने अनारसे नानांनाही नेऊन दिले. नाना एक तुकडा तोंडात टाकून म्हणाले, "तुमच्या अधिकात जावयाची चैन. आमच्या अधिकात लेकीची." मंगलने येऊन मला ते सांगितलं. मी पेपर तपासत होतो. "हो का? वा," म्हणालो.

पूर्वपरीक्षा संपल्या तसे नाना एका संध्याकाळी नायलॉनची पिशवी घेऊन आले. आत तीन जाड रजिस्टरं होती.

"सर, नीलवटाचं पंचांग. पहिल्या दिवसापासून आजपर्यंत. जरा तपासून द्या. शेवटी लिहायचं, 'तपासले, बरोबर आहे', आणि सही. लाल पेनाने."

"नाना, माझी सही कशाला?"

"गणिताच्या माणसाची पाहिजे. पोर हुशार शे. चूक धरील."

पोर म्हणजे वृषाली, त्यांची एकुलती एक मुलगी. कोइमतूरला पंपांच्या कारखान्यात इंजिनियर आहे. तिथलाच नवरा केला. जावई तमिळ, भला माणूस. त्यांना दोन वर्षांची मुलगी आहे. नीलवट मुळात या वृषालीचं. सहावीत असताना सायकलवरून पडली, पाय मोडला, सगळी सुट्टी प्लास्टरमध्ये खाटेवर. रडून घर डोक्यावर घेतलं, तेव्हा नानांनी तिला पाटबंधाऱ्याचं एक कोरं रजिस्टर आणून दिलं. "राजे, नद्या, भांडणं तिची," नाना सांगतात, "तिथी-वार माझे." प्लास्टर निघालं, पोर मोठी झाली, शिकली, गेली. तिथी-वार चालू राहिले.

"घाई नाही," असं म्हणून नाना गेले. दुसऱ्या दिवसापासून जिन्यात तारखेनंतर "झालं का, सर?" हेही सुरू झालं. मी महिनाभर टाळलं. मग मंगल म्हणाली, "परक्याच्या पोरांचे ढीगभर पेपर तपासता, म्हाताऱ्याच्या तीन वह्या जड झाल्या?" एका रविवारी दुपारी बसलो.

पहिल्या रजिस्टरात नियम होते, मुलीच्या गोल गोल अक्षरात. सोळावा नियम असा:

'वळण महिन्याच्या पुनवेला वळणपुनव म्हणतात. त्या दिवशी देशाबाहेर गेलेला प्रत्येक माणूस जिथे असेल तिथून वळतो आणि घरी येतो. घरात असलेल्या माणसाने त्या महिन्यात घर सोडून जायचं नाही. वळण लागला की घरात रोज एका माणसाचं जास्त ठेवायचं, कारण काही लोक लवकर पोहोचतात.'

मी फ्रीजकडे पाहिलं. आत दुधाच्या तीन पिशव्या होत्या.

सतरावा नियम: 'दर चार वर्षांनी वळण महिना दोनदा येईल. पहिला अधिक, दुसरा खरा. अधिकात पुनव धरायची नाही, सण पुढे जातो. लागोपाठ दोन अधिक कधीच येणार नाहीत. बाबांनी हट्ट केला तरी नाहीत.' खाली सही, 'वृषाली देवरे, सहावी ब, राणी.'

पुढची दोन रजिस्टरं नानांच्या अक्षरात. रोजची तिथी, रोजचा वार, दोन्ही चंद्र. एक खाडाखोड नाही. मी अधूनमधून पानं काढून पडताळत गेलो, सगळं अचूक. दर वर्षीच्या वळणपुनवेपुढे समासात बारीक नोंद. 'वृषाली आली. वसतिगृहातून.' 'वृषाली आली. नोकरी लागली.' 'वृषाली आली, सोबत जावई. पुरणपोळीला बोळी म्हणतो.' असं करत मी नीलवटाच्या चारशे बाराव्या वर्षाशी आलो.

चारशे बाराला अधिक वळण होता. नियमाप्रमाणे बरोबर. पण तो संपल्यावर खरा वळण यायला हवा होता, आणि तिथे पुन्हा लिहिलं होतं, अधिक वळण. पान उलटलं. अधिक वळण. पुन्हा उलटलं. मी मोजले. एकोणतीस. एकामागोमाग एकोणतीस अधिक वळण, प्रत्येकी एकतीस दिवसांचे, चंद्रांच्या तिथ्या बिनचूक. अडीच वर्षं होत आली, नीलवटात वर्ष संपलेलं नव्हतं. मंगलचं वयही म्हणूनच वाढलं नव्हतं. आणि मी रोज सकाळी जिन्यात 'अधिक वळण' ऐकून "हो का? वा" म्हणत होतो.

खरं सांगायचं तर मला आधी आनंद झाला. चूक सापडली की मास्तराला होतो तसा. एका कागदावर लाल पेनाने मी व्यवस्थित मांडलं: नियम अमुक, अपेक्षित महिना अमुक, नोंदवलेला अमुक, फरक इतका. मग काळजी वाटली. वाटलं, नानांचं वय झालं, डोकं एका पानावर अडकून बसलं असेल. हळूच सांगायला हवं. कागद खिशात घातला, रजिस्टरं घेतली आणि पाच वाजता त्यांच्याकडे गेलो.

नानांनी दार उघडलं आणि रजिस्टरांकडे पाहून एकदम उजळले. स्वयंपाकघरातल्या टेबलावर दोन ताटं धुऊन पालथी ठेवलेली होती. नानांनी चहा टाकला. मी घसा खाकरला तेवढ्यात त्यांचा फोन वाजला. नानांना ऐकू कमी येतं, त्यामुळे त्यांचा फोन सगळ्या इमारतीसाठी असतो.

"बाबा, चहा झाला का?"

"टाकलाय. सर आलेत. बोल."

"बाबा, एक सांगायचं होतं. रागावू नका." नानांनी खुर्ची ओढली. "याही सुट्टीत जमत नाही हो. सासूबाईंच्या गुडघ्याचं ऑपरेशन ठरलंय, हिला कुणाकडे ठेवणार… मी दर वेळी येते येते म्हणते. दरवर्षी वळणपुनवेला येईनच असा शब्द दिला होता तुम्हाला. आठवतंय ना? किती गेल्या असतील हो एव्हाना? दोन? तीन?" तिचा आवाज चिरकला. "मला आता फोन करायचीसुद्धा लाज वाटते."

"एक बी नहीं गई," नाना म्हणाले.

"काय?"

"एक पण नाही गेली, बेटा. वळणपुनव आलीच कुठे अजून? इथं अधिक चाललाय. अधिक आला की सण पुढे जातो, तूच तर लिहिलंय. तू कुठं चुकली? तुझा शब्द शाबूत शे."

माझ्या खिशात कागद होता, त्यावर मी 'फरक' या शब्दाखाली दोन रेघा मारल्या होत्या. त्या क्षणी मला माझीच लाज वाटली. डोकं कशात अडकलेलं नव्हतं म्हाताऱ्याचं. पोरीला उशीर झाला असं होऊ नये म्हणून त्याने एक सबंध देश अडीच वर्षं थांबवून धरला होता.

"बाबा," वृषाली सावकाश म्हणाली, "पण सतराव्या नियमात…"

"सर बसलेत इथं," नाना घाईने म्हणाले. "गणिताचे सर. सगळी रजिस्टरं तपासली त्यांनी. त्यांनाच विचार." आणि फोन माझ्यापुढे धरला.

त्यांनी माझ्याकडे पाहिलं. सासऱ्यांना पाच मिनिटं न देणारा माणूस माझ्याकडे पाच मिनिटं मागत होता.

चौतीस वर्षं मी पोरांना सांगत आलोय, उत्तर हवं तसं यावं म्हणून पायऱ्या बदलायच्या नाहीत. कितीजणांचे गुण त्यापायी कापलेत.

"वृषाली," मी म्हणालो, "मी सगळं तपासलंय. हिशोब पक्का शे."

माझं 'शे' अगदीच नाशकी पडलं असावं. ती हसली. हसताना नाक ओढल्याचा आवाज आला.

"काका, सतरावा नियम वाचलात?"

"वाचला."

"तरी?"

"तरी."

मागे तिची मुलगी कसलंतरी भांडं आपटत होती.

"बरं," ती म्हणाली. "म्हणजे अजून वेळ आहे माझ्याकडे."

"मोप वेळ शे," नाना म्हणाले. "घाई करू नको. सासूचं नीट कर आधी."

फोन ठेवून नाना चहा गाळायला गेले. तो उतू गेला होता. मला पाठमोरे उभे राहून त्यांनी ओटा पुसला, मग पुन्हा पुसला. पुसून चकचकीत झाला तरी पुसत राहिले. थोड्या वेळाने रजिस्टर उघडून मी लाल पेन काढलं, तर म्हणाले, "आज सही नको, सर. आळसवार आहे. धरत नाहीत."

घरी आल्यावर मंगलने विचारलं, "सापडली चूक?" मी तिला सगळं सांगितलं. तिने डोळे पुसले आणि एवढंच म्हणाली, "आता पिशवी आली की मला उगीच बोलू देऊ नका." कागद मी फाडून टाकला.

दुसऱ्या दिवशी पावणेसातला नाना जिन्यात उभे होते. एका हातात दुधाच्या दोन पिशव्या, दुसऱ्या हातात रजिस्टर. मी ते भिंतीला टेकवलं आणि शेवटच्या पानावर लाल पेनाने लिहिलं, 'तपासले, बरोबर आहे.' खाली सही केली. सहीखाली तारीख घालायची राहिली होती.

"नाना," मी म्हणालो, "आज काय?"

त्यांनी पिशव्या पायरीवर ठेवल्या, चष्मा सारखा केला आणि सांगायला लागले. शाळेला उशीर होत होता. ते सांगतील तसं मी अक्षर न् अक्षर लिहून घेतलं.